मंथरेचा डोळा

२०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनने 'रामायण' पुन्हा दाखवले. मंथरा पडद्यावर आली की आमची आजी बोटे मोडू लागे. पाठीला पोक आणि तो बारीक केलेला डावा डोळा! अभिनयासाठी केला असेल, असेच मी समजत होते. खरी हकीगत पुढे वाचनात आली आणि माझी मलाच लाज वाटली.

ललिता पवार मूळच्या येवल्याच्या. जन्म १९१६ चा, पाळण्यातले नाव अंबा. मूकपटांच्या काळातच त्या पडद्यावर आल्या, नायिका झाल्या. टॉल्स्टॉयच्या कादंबरीवरचा 'दुनिया क्या है' (१९३७) हा बोलपट तर त्यांनी स्वतःच काढला. मग आले १९४२ साल. 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात भगवानदादांनी त्यांच्या थोबाडीत मारायचे होते. थप्पड नको तितकी जोरात बसली. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली. उपचार पुष्कळ झाले, पण डाव्या डोळ्यातला दोष जन्मभर राहिला. नायिकेची कामे संपली. वय अवघे सव्वीस!

त्या थपडेनेच ललिता पवार घडल्या, असे लोक कौतुकाने सांगतात. मला ते मुळीच पटत नाही. थपडेने डोळा अधू होतो. अभिनय कुठून येणार? 'रामशास्त्री'तली (१९४४) आनंदीबाई आणि 'दहेज'मधली (१९५०) सासू पाहून प्रेक्षकांनी त्यांना कजाग ठरवून टाकले, निर्मात्यांनीही तशीच कामे दिली. पण 'श्री ४२०' मधली (१९५५) केळीवाली आठवा. आणि 'अनाडी'तली (१९५९) मिसेस डिसा! मुंबईतली ही ख्रिस्ती घरमालकीण. तोंडाने फटकळ, भाडेकरू राज कपूरला येता-जाता बोलणार आणि पोटच्या पोरासारखे जपणारही. ती रागावते तेव्हा त्या अधू डोळ्याचा धाक वाटत नाही, उलट तिच्या पोटातली माया त्यातूनच कळते. विषारी औषधाने ती जाते, तेव्हा घरातलेच कोणी गेल्यासारखे वाटते. या भूमिकेला सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. तरी पुढे सासवा चालूच राहिल्या, आणि १९८७ मध्ये, सत्तरी उलटल्यावर, मंथरा घरोघर पोचली.

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्या पुण्यात वारल्या.

गेल्या दिवाळीच्या सुटीत मी आजीला 'अनाडी' दाखवला. मिसेस डिसा गेल्या तशी आजीने पदर डोळ्यांना लावला. हीच ती मंथरा, असे मी सांगितले, तर तिला ते खरेच वाटेना.