अधिकारत्यागाचा एक धडा

सत्ता मिळविणाऱ्यांची चरित्रे विपुल लिहिली जातात. सत्ता सोडणाऱ्यांची क्वचितच. मुंबईचे आर्चबिशप थॉमस रॉबर्ट्स यांचे नाव महाराष्ट्राच्या सार्वजनिक स्मृतीतून जवळजवळ पुसले गेले आहे, त्याचे कारण कदाचित हेच असावे. कॅथलिक धर्मसंस्थेतील अधिकाराच्या प्रश्नाचा विचार करताना मात्र या माणसाला वगळून पुढे जाता येत नाही.

प्रथम हा अधिकार काय असतो हे ध्यानात घेतले पाहिजे. कॅथलिक जगताची विभागणी धर्मप्रांतांत झालेली आहे. बुलढाणा जिल्हा अमरावती धर्मप्रांतात मोडतो. तेव्हा संग्रामपूरच्या वाचकालाही ही व्यवस्था अगदीच परकी नाही. प्रत्येक धर्मप्रांतावर एक बिशप असतो. त्याची निवड भाविक करीत नाहीत. नेमणूक रोमहून होते. आपल्या प्रांतापुरता नियम करणे, कारभार चालविणे आणि न्याय देणे हे तिन्ही अधिकार त्याच्या ठायी एकवटलेले असतात. लोकशाही राज्यघटनेने जे तीन अधिकार कटाक्षाने वेगळे ठेवले, ते येथे एका हाती आहेत. धर्मगुरूंच्या बदल्या, शाळा, मिळकती या सर्वांवर अखेरचा शब्द त्याचाच.

मुंबईत या अधिकाराला राजकारणाचाही विळखा पडलेला होता. पूर्वेकडील धर्मकार्याचा खर्च पोर्तुगालच्या राजाने सोसावा आणि त्या बदल्यात बिशपांच्या नेमणुकीत त्याचा शब्द चालावा, हा पाद्रोआदो या नावाने ओळखला जाणारा करार पंधराव्या-सोळाव्या शतकांपासून चालत आलेला. पुढे मुंबई इंग्रजांकडे गेली. १७२० साली कंपनी सरकारने पोर्तुगीज धर्मगुरूंना दूर करून रोमच्या थेट आज्ञेतील कार्मेलाइट धर्मगुरूंना पाचारण केले. तेव्हापासून पोर्तुगालचा पक्ष आणि रोमचा पक्ष असा जो तंटा सुरू झाला, त्याची परिणती १७९४ मध्ये शहरातील चर्चच्या वाटणीत झाली. एकाच शहरात, एकाच श्रद्धेचे शेजारी दोन निरनिराळ्या धर्माधिकाऱ्यांचे आज्ञांकित झाले.

हा तंटा मिटविण्यासाठी १९२८ मध्ये रोम आणि लिस्बन यांच्यात करार झाला. मुंबईचा आर्चबिशप आळीपाळीने एकदा पोर्तुगीज व एकदा ब्रिटिश असावा, असे त्यात ठरले. ज्यांच्यावर ही सत्ता चालायची त्या हिंदी कॅथलिकांपैकी कोणीही या पाळीत बसत नव्हता. १९२३ मध्येच तुतिकोरिनला फ्रान्सिस तिबुर्तियुस रोश या हिंदी धर्मगुरूंची बिशपपदी नेमणूक झालेली होती. तेव्हा लायक माणूस नव्हता, ही सबब पुढे करण्यासारखी नव्हती.

पहिली पाळी पोर्तुगीज येशूसंघीय जोआकिम लिमा यांची. १९३६ मध्ये ते निवर्तले आणि पाळी ब्रिटिशांकडे आली. १९३७ च्या ऑगस्टमध्ये रोमने थॉमस रॉबर्ट्स यांचे नाव जाहीर केले. फ्रान्समधील ल हाव्र या बंदरात ७ मार्च १८९३ रोजी जन्मलेले रॉबर्ट्स १९०९ मध्ये येशूसंघात दाखल झाले, १९२५ मध्ये त्यांना धर्मगुरुपदाची दीक्षा मिळाली, आणि नेमणुकीच्या वेळी ते लिव्हरपूलमध्ये चर्चचा कारभार पाहत होते. इंग्लिश येशूसंघीय म्हटला की मराठी वाचकाला ख्रिस्तपुराणकर्ते फादर स्टीफन्स आठवतात. स्टीफन्स स्वेच्छेने आले, येथली भाषा शिकले आणि तिच्यात रमले. रॉबर्ट्स आले ते एका कराराच्या कलमाने. हा फरक त्यांना स्वतःला फार लवकर कळला, हेच त्यांचे वेगळेपण.

आपल्या जागी हिंदी आर्चबिशप आला पाहिजे, असा निष्कर्ष त्यांनी काढला. पण तो अंमलात कसा आणायचा? राजीनामा देऊन मोकळे होणे सोपे होते. परंतु ते जाताच करारानुसार पाळी पुन्हा पोर्तुगीजांची येणार. म्हणजे त्याग करूनही हेतू विफल व्हायचा. केवळ सद्भावना येथे पुरेशी नव्हती. नियमांचे बारकावे जाणणारी कारभारी बुद्धी हवी होती. रॉबर्ट्स यांनी मार्ग काढला तो असा. १९०० साली कराचीत एका गोमंतकीय कुटुंबात जन्मलेले वॅलेरियन ग्रेशस हे त्यांच्याच धर्मप्रांतातील व्यासंगी धर्मगुरू होते. आर्चबिशप लिमा यांचे चिटणीस म्हणून त्यांनी कारभार जवळून पाहिला होता आणि १९४१ पासून होली नेम चर्चची धुरा त्यांच्याकडे होती. १९४६ मध्ये ग्रेशस यांना साहाय्यक बिशप म्हणून नेमवून घेऊन रॉबर्ट्स यांनी कारभार त्यांच्या हाती सोपविला आणि स्वतः मुंबईबाहेर पडले. पद कागदोपत्री त्यांच्याकडे राहिले, त्यामुळे करारातील पाळी सुरू होऊ शकली नाही. आणि प्रत्यक्ष सत्ता मात्र हिंदी हातांत गेली.

पुढील वर्षी देश स्वतंत्र झाला. स्वतंत्र भारतातील एका मोठ्या नगरीच्या धर्मपीठावर परकीयांची पाळी चालू ठेवणे आता कोणालाच समर्थनीय वाटेना. जुलै १९५० मध्ये रोम व पोर्तुगाल यांच्यात नवा करार होऊन ही पद्धत संपुष्टात आली. त्याच वर्षीच्या डिसेंबरमध्ये रॉबर्ट्स यांचा राजीनामा स्वीकारला गेला आणि ग्रेशस आर्चबिशप झाले. १९५३ मध्ये ते भारताचे पहिले कार्डिनल झाले. १९६४ च्या डिसेंबरमध्ये सहावे पोप पॉल मुंबईस आले, तेव्हा त्यांचे स्वागत या भूमिपुत्र कार्डिनलांनी केले. १९५० पासून आजतागायत मुंबईच्या या पीठावर भारतीयच बसत आले आहेत.

पद सोडले तेव्हा रॉबर्ट्स सत्तावन्न वर्षांचे होते. पंचाहत्तरी गाठलेल्या बिशपांनी राजीनामा सादर करावा, हा दंडक १९६६ मध्ये आला. त्यांच्यावर असा कोणताही नियम बंधनकारक नव्हता. कथा येथेच संपली असती तर ती एका सज्जन माणसाची कथा ठरली असती. पण अधिकाराचा खरा प्रश्न येथून पुढे सुरू होतो. खुर्चीवरचा माणूस बदलला. खुर्चीचे सामर्थ्य बदलले काय? परकीय बिशपाच्या हाती जे तीन अधिकार होते, तेच स्वकीय बिशपाच्या हाती आले. आज्ञा करणारा आपला आहे एवढ्याने आज्ञा न्याय्य ठरत नाही, हे राजकीय स्वातंत्र्यानंतर आपणही अनुभवाने शिकलो.

रॉबर्ट्स यांना याचे पूर्ण भान होते. १९५४ मध्ये त्यांनी अधिकाराचा उपयोग आणि दुरुपयोग या विषयावर ब्लॅक पोप्स हे पुस्तक प्रसिद्ध केले. आज्ञापालन हा येशूसंघाचा पायाच. त्याच संघातील माणसाने आंधळ्या आज्ञापालनाची चिकित्सा करावी, हे अनेकांना रुचले नाही. अण्वस्त्रांविरुद्ध ते उघडपणे उभे राहिले. १९६४ मध्ये संततिनियमनावरील बंदी केवळ बुद्धीच्या कसोटीवर सिद्ध होते काय, असा प्रश्न त्यांनी जाहीरपणे विचारला. इंग्लंडच्या धर्माधिकाऱ्यांनी त्यांच्याशी असहमती दर्शविली आणि १९६८ मध्ये पोपांनी ती बंदी कायम केली. रॉबर्ट्स या बाबतीत हरले, हे मान्य केलेच पाहिजे.

१९६२ ते १९६५ या काळात दुसरी व्हॅटिकन परिषद भरली होती. फ्रान्झ येगरश्टेटर या ऑस्ट्रियन शेतकऱ्याची हकीकत त्यांना तेथे मांडावयाची होती. हिटलरचे युद्ध अन्यायाचे आहे म्हणून या शेतकऱ्याने लष्करात लढण्यास नकार दिला. त्याच्या बिशपानेही त्याचे मन वळविण्याचा प्रयत्न केला. तो बधला नाही आणि १९४३ मध्ये त्याचा शिरच्छेद झाला. सभागृहात बोलण्याची संधी रॉबर्ट्स यांना मिळाली नाही; त्यांनी निवेदन लेखी दिले. विवेकबुद्धीला स्मरून शस्त्र नाकारणाऱ्यांना कायद्याने माणुसकीची वागणूक द्यावी, असे वचन परिषदेच्या अखेरच्या दस्तऐवजात आले. पुढे २००७ मध्ये धर्मसंस्थेने त्याच शेतकऱ्याला धन्य म्हणून गौरविले. २८ फेब्रुवारी १९७६ रोजी लंडन येथे निधन पावलेले रॉबर्ट्स ते पाहण्यास हयात नव्हते. आज्ञा देणाऱ्या बिशपापेक्षा आज्ञा नाकारणारा शेतकरी धर्माच्या अधिक जवळ होता, हा निवाडा चौसष्ट वर्षांनी झाला.

या धर्मसंस्थेत त्यानंतर काहीच हलले नाही असे म्हणता येणार नाही. २०१३ मध्ये सोळावे पोप बेनेडिक्ट यांनी पदत्याग केला. २०२३ मध्ये रोमच्या धर्मसभेत सामान्य स्त्री-पुरुषांनीही मतदान केले. तरीही ती सभा सल्ला देणारी आहे. निर्णय वरूनच येतो. अधिकाऱ्याने खालच्यांना हिशेब द्यावा, ही रॉबर्ट्स यांची मागणी अद्याप अपुरीच आहे.

ही गोष्ट केवळ कॅथलिकांची मानण्याचे कारण नाही. गावोगावच्या शिक्षणसंस्था, सहकारी सोसायट्या, देवस्थानांचे विश्वस्त मंडळ, या सर्वांना दोन प्रश्न विचारता येतात. आपल्या जागी येणारा माणूस आपण आपल्या हयातीत तयार केला काय? आणि तो आल्यावर त्याला प्रश्न विचारण्याची सोय करून ठेवली काय? रॉबर्ट्स यांनी पहिल्या प्रश्नाचे उत्तर कृतीने दिले, कारण ते त्यांच्या हाती होते. दुसऱ्याचे उत्तर एकट्याच्या त्यागाने मिळत नाही. त्यासाठी नियम बदलावे लागतात, आणि नियम बदलण्याची मागणी ज्यांच्यावर सत्ता चालते त्यांनीच करावी लागते.