विश्लेषण : गुरूंच्या अंदाजापेक्षा आकड्यांवर विश्वास… जातीचा ‘डेटा’ तपासणाऱ्या इरावती कर्वे कोण होत्या?

२०२७ च्या जनगणनेत जातीचीही नोंद होणार आहे. भाईंदरच्या तारोडीपासून गडचिरोलीतल्या पाड्यांपर्यंत प्रगणक घरोघरी जातील आणि प्रत्येकाला जात विचारतील. उत्तर एका शब्दाचे वाटते. पण तो शब्द नेमका कोणत्या गटाचे नाव आहे? या एका प्रश्नामागे पुण्यातल्या एका संशोधक महिलेने आयुष्यातली कित्येक वर्षे घालवली. ‘युगान्त’च्या लेखिका म्हणून इरावती कर्वे घराघरांत माहीत आहेत. माहिती कशी गोळा करायची आणि ती आपल्या समजुतीविरुद्ध गेली तर काय करायचे, हा त्यांच्या कामाचा भाग मात्र कमी चर्चिला जातो.

इरावती कर्वे यांची सुरुवात कशी झाली?

इरावती करमरकर यांचा जन्म १५ डिसेंबर १९०५ रोजी तेव्हाच्या ब्रह्मदेशात झाला. वडील तिथे नोकरीला होते. तिथल्या इरावती नदीवरून मुलीचे नाव ठेवले गेले. वयाच्या सातव्या वर्षी त्यांना पुण्याला हुजूरपागा शाळेत पाठवण्यात आले. पुढे रँग्लर र. पु. परांजपे यांच्या घरी त्या वाढल्या. १९२६ मध्ये फर्ग्युसन महाविद्यालयातून तत्त्वज्ञान घेऊन त्या पदवीधर झाल्या. त्यानंतर मुंबई विद्यापीठात समाजशास्त्रज्ञ गो. स. घुर्ये यांच्या मार्गदर्शनाखाली त्यांनी चित्पावन ब्राह्मणांवर प्रबंध लिहिला. महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे चिरंजीव, रसायनशास्त्राचे प्राध्यापक दिनकर कर्वे यांच्याशी त्यांचा विवाह झाला.

बर्लिनमध्ये काय घडले?

१९२८ च्या अखेरीस त्या जर्मनीला गेल्या. बर्लिनच्या कैसर विल्हेल्म मानववंशशास्त्र संस्थेत ऑयगेन फिशर हे त्यांचे मार्गदर्शक होते. वंशाप्रमाणे माणसांची प्रतवारी लावता येते, असे मानणाऱ्या शास्त्रज्ञांपैकी फिशर एक प्रमुख नाव होते. पुढे नाझी राजवटीच्या वंशविषयक धोरणांना याच मंडळींनी शास्त्राचा आधार पुरवला.

माणसाच्या कवटीची डावी आणि उजवी बाजू अगदी सारखी नसते. हा फरक युरोपीय आणि इतर वंशांत वेगवेगळा असतो आणि त्याचा बुद्धीशी संबंध आहे, असा फिशर यांचा अंदाज होता. तो सिद्ध करण्याचे काम इरावतीबाईंकडे आले. त्यांनी १४९ कवट्या मोजल्या. डाव्या-उजव्या बाजूंत फरक सापडला, पण त्याचा वंशाशी संबंध आढळला नाही. परदेशात शिकणारी, पंचविशीही न गाठलेली विद्यार्थिनी. पदवी मार्गदर्शकाच्या हाती. तरीही आकडे जे सांगत होते तेच त्यांनी प्रबंधात लिहिले. १९३० मध्ये त्यांना डॉक्टरेट मिळाली.

पुण्यात परतल्यावर त्यांनी काय केले?

परतल्यावर काही वर्षे त्या मुंबईत महिला विद्यापीठाच्या, म्हणजे आजच्या एसएनडीटीच्या, कुलसचिव होत्या. १९३९ मध्ये पुण्याच्या डेक्कन कॉलेजात त्या रुजू झाल्या आणि शेवटपर्यंत तिथल्याच राहिल्या. पुण्यात स्कूटर चालवणाऱ्या पहिल्या महिलांमध्ये त्यांचे नाव घेतले जाते. पण त्यांचे खरे फिरणे पुण्याबाहेर होते. गुजरात, कर्नाटक, ओडिशा अशा अनेक भागांत त्या माहिती गोळा करायला गेल्या. पुरातत्त्वज्ञ ह. धी. सांकलिया यांच्याबरोबर गुजरातमधील लांघणज येथील उत्खननातही त्यांनी काम केले. १९५१ मध्ये संख्याशास्त्राची बाजू सांभाळणारे वि. म. दांडेकर यांच्यासह त्यांनी महाराष्ट्रातील लोकांच्या शरीरमापनाचा अभ्यास प्रसिद्ध केला.

जात हा एक गट की अनेक?

एका मोठ्या जातीचे काळाच्या ओघात तुकडे पडले आणि पोटजाती झाल्या, असा तेव्हा समज होता. घुर्ये यांचाही कल तिकडेच होता. हे खरे असेल, तर एका जातीच्या पोटजातींमध्ये शारीरिक साम्य दिसायला हवे. म्हणजेच ही गोष्ट मोजून तपासता येण्यासारखी होती.

इरावतीबाईंनी ती तपासली. देशस्थ, कोकणस्थ, कऱ्हाडे हे सगळे ब्राह्मण म्हणवतात; पण मोजमापांत ते एकाच मुळाचे तुकडे असल्याचे दिसेना. कुंभारांचेही तसेच. थोरचाके आणि लहानचाके कुंभारांची चाके वेगळी, आणि लग्नसंबंधही आपापल्या गटातच. यावरून त्यांनी निष्कर्ष काढला, की ज्या गटात आपापसांत लग्ने होतात तो गट म्हणजे खरी जात. ‘कुंभार’ किंवा ‘ब्राह्मण’ हे सारख्या व्यवसायामुळे वा दर्जामुळे जवळ आलेल्या अनेक जातींच्या समूहाचे नाव आहे. १९६८ मध्ये कैलाश मल्होत्रा यांच्यासह त्यांनी महाराष्ट्रातील आठ ब्राह्मण जातींची तुलना ‘करंट अँथ्रोपॉलॉजी’ या आंतरराष्ट्रीय नियतकालिकात मांडली. बर्लिनमध्ये फिशर यांचा अंदाज टिकला नव्हता. इथे पहिल्या गुरूंच्या मताशी त्यांचा मतभेद झाला.

नात्यांची नावे हा ‘डेटा’ कसा?

१९५३ मध्ये त्यांचा भारतातील नातेव्यवस्थेवरील इंग्रजी ग्रंथ आला. त्यासाठी लागणारी सामग्री कोणत्याही प्रयोगशाळेत नव्हती. काका, मामा, आत्या, मेहुणा यांना कोणत्या भाषेत काय म्हणतात आणि कोणाचे लग्न कोणाशी चालते, हे त्यांनी प्रदेशोप्रदेशी विचारून नोंदवले.

हे शब्द काय सांगतात, ते मराठीतच पाहता येते. जुन्या घरांत सून सासऱ्यांना मामंजी आणि सासूला आत्याबाई म्हणत असे. नवरा आत्याचा मुलगा असेल तरच हे शब्द तंतोतंत बसतात. महाराष्ट्रातील अनेक जातींत मामाची मुलगी करण्याची चाल होती, त्याची ही खूण. उत्तर भारतात असे लग्न चालत नाही, तर दक्षिणेत काही ठिकाणी मामा-भाचीचे लग्नही होते. भाषा आणि नातेसंबंध एकत्र पाहून इरावतीबाईंनी देशाचे चार विभाग केले. त्यात महाराष्ट्र मधल्या पट्ट्यात, म्हणजे उत्तर आणि दक्षिण जिथे एकमेकांत मिसळतात तिथे येतो.

मोजमापाच्या पलीकडे त्या कशा गेल्या?

काही गोष्टी मोजून कळत नाहीत. त्यांसाठी लोकांबरोबर राहावे लागते. इरावतीबाई ज्ञानेश्वरांच्या पालखीबरोबर पंढरपूरपर्यंत चालत गेल्या. वारीतला आनंद त्यांनी टिपला. त्याचबरोबर एकत्र अभंग म्हणणारे ब्राह्मण आणि मराठा वारकरी जेवायला मात्र वेगळे बसतात, हेही त्यांच्या नजरेतून सुटले नाही. त्याची त्यांना बोच लागली आणि तीही त्यांनी लिहिली. १९६२ मध्ये हा लेख इंग्रजीतून अमेरिकेतील ‘जर्नल ऑफ एशियन स्टडीज’मध्ये आला.

कोयना धरणामुळे गावे उठली, तेव्हा विस्थापितांचे पुढे काय झाले याची पाहणी त्यांनी कन्या जाई निंबकर यांच्यासह केली. १९६९ मध्ये ती प्रसिद्ध झाली. धरणाच्या विजेचा हिशेब सगळीकडे मांडला जात होता. या पाहणीने घर आणि शेत गमावलेल्यांचा हिशेब कागदावर आणला.

त्यांच्या कामाला मर्यादा होत्या का?

होत्या. बर्लिनचा निष्कर्ष हाती असूनही शरीरमापनाची पद्धत त्यांनी सोडली नाही. १९०१ च्या जनगणनेचे आयुक्त हर्बर्ट रिस्ले यांनी नाकाच्या मापावरून जातींची उतरंड लावली होती. इरावतीबाईंनी अशी उतरंड लावली नाही, पण हत्यारे बरीचशी तीच होती. माणसांचे गट ठरवण्यासाठी डोक्याची आणि नाकाची मापे आज ग्राह्य धरली जात नाहीत. त्यांच्या कामातली कायम राहिलेली बाजू म्हणजे प्रत्यक्ष जाऊन विचारणे आणि गट कोणता हे गृहीत न धरता तपासणे.

आज याचा संबंध काय?

देशात सर्व जातींची शेवटची पूर्ण मोजणी १९३१ मध्ये झाली. तेव्हा ४,१४७ जाती नोंदल्या गेल्या. २०११ च्या सामाजिक-आर्थिक व जातनिहाय पाहणीत लोकांनी सांगितलेली नावे ४६ लाखांवर गेली. कोणी जात सांगितली, कोणी पोटजात, कोणी कूळ, कोणी आडनाव. एकाच नावाची अनेक स्पेलिंग झाली. जातींचे ते आकडे जाहीर झालेच नाहीत. आरक्षणापासून योजनांपर्यंत ज्या माहितीवर निर्णय व्हायचे, ती ‘जात म्हणजे नेमके काय लिहायचे’ या पहिल्याच पायरीवर अडली.

इरावती कर्वे यांचे ११ ऑगस्ट १९७० रोजी निधन झाले. मोजायला बसण्याआधी काय मोजतो आहोत ते पाहावे लागते, हे त्यांनी कुंभाराच्या चाकापासून मामंजींपर्यंत दाखवून दिले होते. येत्या जनगणनेत प्रगणकाच्या हातात कागदाऐवजी मोबाइल अॅप असेल. प्रश्न मात्र तोच असेल, आणि त्याच्या उत्तरात कोणता शब्द नोंदला जातो यावर पुढची सगळी आकडेमोड उभी राहणार आहे.