दुर्गा खोटे

दुर्गा खोटे (१४ जानेवारी १९०५ – २२ सप्टेंबर १९९१) या मराठी रंगभूमीवरील आणि मराठी-हिंदी चित्रपटांतील ख्यातनाम अभिनेत्री होत्या. सुमारे पन्नास वर्षांच्या कारकिर्दीत त्यांनी जवळपास २०० चित्रपटांतून भूमिका केल्या. सुशिक्षित, प्रतिष्ठित घराण्यातील स्त्रीने चित्रपटात काम करणे समाजाला मान्य नव्हते, त्या काळात त्यांनी हा व्यवसाय उघडपणे व स्वतःच्या नावानिशी पत्करला.

पूर्वायुष्य

त्यांचे माहेरचे नाव विटा लाड. गोव्याशी नाते सांगणाऱ्या या कुटुंबाचे वास्तव्य मुंबईत होते. त्यांचे शिक्षण कॅथीड्रल हायस्कूल व सेंट झेवियर्स महाविद्यालयात झाले. विश्वनाथ खोटे यांच्याशी विवाह झाल्यावर त्यांना बकुल व हरीन हे दोन मुलगे झाले. सासरच्या संपन्न घराची आर्थिक घडी विस्कटल्याने अर्थार्जन त्यांना भाग पडले आणि ऐन तारुण्यात वैधव्यही आले.

चित्रपट

मोहन भवनानी यांच्या ‘फरेबी जाल’ (१९३१) या चित्रपटातील छोट्याशा भूमिकेने त्यांनी पदार्पण केले. चित्रपटाचा एकंदर विषय त्यांना आधी ठाऊक नव्हता. तो प्रदर्शित होताच घराण्याच्या नावासह त्यांच्यावर कडवट टीका झाली. हा प्रयत्न तिथेच संपला असता, पण व्ही. शांताराम यांनी ‘प्रभात’च्या पहिल्या बोलपटासाठी त्यांची निवड केली. कोल्हापुरात तयार झालेला ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) हा पहिला मराठी बोलपट. त्यात गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र आणि दुर्गाबाई तारामती होत्या. पार्श्वगायनाची सोय नसल्याने गाणीही नटांनाच म्हणावी लागत. दादासाहेब फाळके यांना ‘राजा हरिश्चंद्र’साठी (१९१३) याच भूमिकेकरिता स्त्री मिळाली नव्हती, ती अण्णा साळुंके या पुरुष नटाने केली होती. एकोणीस वर्षांनी तीच तारामती दुर्गाबाईंनी साकारली आणि ‘फरेबी जाल’चा डाग पुसला गेला. फाळके यांच्या नावाचा पुरस्कार त्यांना १९८३ साली मिळाला.

कलावंत एकाच कंपनीशी करारबद्ध असण्याच्या त्या काळात त्यांनी निरनिराळ्या संस्थांत कामे केली. कलकत्त्यात देवकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली ‘राजरानी मीरा’ (१९३३) व ‘सीता’ (१९३४) हे चित्रपट झाले. ‘सीता’ व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. त्यात पृथ्वीराज कपूर राम होते. हीच जोडी पुढे ‘मुघल-ए-आझम’मध्ये (१९६०) अकबर व जोधाबाई म्हणून दिसली. मात्र त्यांच्या सामर्थ्याची खरी ओळख ‘अमरज्योती’तून (१९३६) पटते. पोटच्या मुलाचा ताबा नाकारला गेल्याने बंड करून समुद्री लुटारूंची नायिका बनलेली सौदामिनी त्यांनी त्यात उभी केली. भारतीय पडद्यावर असे स्त्रीपात्र तेव्हा विरळच होते. १९३७ साली त्या चित्रपटनिर्मितीतही उतरल्या.

नायिकेच्या प्रतिमेला त्या चिकटून राहिल्या नाहीत. आचार्य अत्रे यांच्या ‘पायाची दासी’मध्ये (१९४१) वयाच्या अवघ्या छत्तिसाव्या वर्षी त्यांनी खाष्ट सासू रंगवली, तर ‘भरत मिलाप’मध्ये (१९४२) कैकेयी. पुढे आई आणि आजी याच भूमिका बहुधा त्यांच्या वाट्याला आल्या. ‘बॉबी’ (१९७३) हे त्याचे परिचित उदाहरण. ‘बिदाई’साठी (१९७४) त्यांना साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

रंगभूमी

चित्रपटात नाव झाल्यानंतर त्या रंगभूमीकडे वळल्या. नाटकाकडून पडद्याकडे जाणाऱ्या बहुतेक कलावंतांच्या अगदी उलट हा प्रवास होता. बोलपटांमुळे नाटक मंडळ्या बंद पडत असताना मुंबई मराठी साहित्य संघाने नाट्यमहोत्सव भरवून रंगभूमीला आधार दिला. संघाच्या ‘भाऊबंदकी’तील त्यांची आनंदीबाई विशेष गाजली, राघोबा नानासाहेब फाटक होते. वि. वा. शिरवाडकर यांनी ‘मॅकबेथ’वरून लिहिलेल्या ‘राजमुकुट’मध्येही त्या फाटकांसमवेत उभ्या राहिल्या. अभिनयासाठी संगीत नाटक अकादमीने १९५८ साली त्यांना गौरवले. ‘इप्टा’शीही त्यांचा संबंध होता. नाट्यदिग्दर्शिका विजया मेहता या एके काळी त्यांच्या स्नुषा होत्या. हरीन यांचे अकाली निधन झाले.

उत्तरकाळ

१९६८ साली त्यांना पद्मश्री मिळाली. त्यांच्या दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सने लघुपट व जाहिरातपट तयार केले. दूरदर्शनवरील ‘वागळे की दुनिया’ ही मालिका याच संस्थेची. ‘मी, दुर्गा खोटे’ हे त्यांचे आत्मचरित्र असून त्याचा इंग्रजी अनुवाद शांता गोखले यांनी केला आहे.