पंडिता रमाबाई व मुक्तीचा छापखाना

पंडिता रमाबाई यांचे नाव आमच्या वाचकांस नवीन नाही. पुणे जिल्ह्यातील केडगावची वसाहत पुष्कळांनी डोळ्यांनी पाहिली असेल. अनाथ मुली व विधवा यांची ती माउली होती, एवढे खेड्यापाड्यांतील मंडळ्यांतही सर्वांस ठाऊक आहे. परंतु बाई दयाळू होत्या एवढेच सांगून थांबणे हा त्यांच्यावर अन्याय होय, असे आम्हांस वाटते. दया करणारे पुष्कळ असतात. जिच्यावर दया करावयाची तिच्या हाती विद्या व काम देऊन तिला बरोबरीस आणणे हे थोड्यांस साधते. बाईंस ते कसे साधले हे समजण्यासाठी त्यांच्या आईपासून आरंभ केला पाहिजे.

त्यांचे वडील अनंतशास्त्री डोंगरे हे मोठे वैदिक पंडित. स्त्रियांनी संस्कृत शिकू नये असा तेव्हा दंडक होता. शास्त्रीबोवांनी तो मोडून आपली पत्नी लक्ष्मीबाई हिला शिकविण्यास आरंभ केला. गावात विरोध झाला, पंडितांच्या सभेपुढे जाब द्यावा लागला. तो त्यांनी शास्त्रवचनांनीच दिला. पुढे त्यांनी सह्याद्रीच्या रानात गंगामूळ येथे आश्रम बांधिला. तेथे २३ एप्रिल १८५८ रोजी रमाबाईंचा जन्म झाला. त्यांस वडिलांनी शिकविले नाही, तोवर ते वृद्ध झाले होते. शिकविले ते आईने. घरचे काम व पाहुण्यांचा राबता यांतून दिवसा सवड मिळत नसे. म्हणून पहाटे, पाखरे जागी होण्याच्या वेळी, ती माउली मुलीला मांडीवर घेऊन श्लोक तोंडी म्हणवून घेत असे. जी विद्या एका स्त्रीस चोरून दिल्यासारखी मिळाली, ती तिने अशी पुढे दिली.

नंतर दारिद्र्य आले. कुटुंब तीर्थयात्रा करीत, पुराणे सांगत देशभर फिरू लागले. मद्रासेकडील दुष्काळात त्यांचे अन्न तुटले. १८७४ साली वडील वारले, मागोमाग आई, व काही काळाने थोरली बहीणही. आईच्या मृत्यूच्या वेळी खांदेकरी पुरेसे मिळेनात. रमाबाई पुढे झाल्या. उंची कमी पडली म्हणून तिरडीची आपली बाजू त्यांनी डोक्यावर घेतली. स्त्रीने हे करावयाचे नसते असे सांगण्यास तेव्हा कोणी आले नाही!

भाऊ श्रीनिवास यासह हजारो मैल पायी चालून त्या १८७८ साली कलकत्त्यास पोहोचल्या. तेथील विद्वानांनी परीक्षा घेऊन त्यांस पंडिता व सरस्वती या पदव्या दिल्या. पुढे भाऊही वारला. १८८० साली त्यांनी बिपिन बिहारी दास मेधावी या बंगाली वकिलाशी विवाह केला. ते शूद्र गणिलेल्या जातीचे होते, त्यामुळे दोन्हीकडचे लोक तुटले. दोन वर्षांच्या आतच महामारीने पती नेला, आणि मनोरमा या तान्ह्या मुलीस घेऊन बाई विधवा झाल्या.

१८८२ साली त्या पुण्यास आल्या. तेथे त्यांनी आर्य महिला समाज स्थापिला व हंटरसाहेबांच्या शिक्षण कमिशनापुढे साक्ष दिली. स्त्रियांस शिकविण्यास स्त्री शिक्षिका पाहिजेत व स्त्रियांस औषध देण्यास स्त्री डॉक्टर पाहिजेत, असे त्यांचे मागणे होते. स्वतः वैद्यकी शिकण्याच्या हेतूने त्या १८८३ साली इंग्लंडास गेल्या. परंतु कानांनी कमी ऐकू येत असल्याने ते राहून गेले. त्याच वर्षी वाँटेज येथे त्यांचा व मनोरमेचा बाप्तिस्मा झाला. नंतर चेल्टनहॅमच्या विद्यालयात त्या शिकू व शिकवू लागल्या.

येथील एक गोष्ट आमच्या वडीलजनांनी लक्षात घ्यावी. इंग्रज तरुणांस बाईंनी शिकवावे असा विचार निघाला, तेव्हा बिशपांनी हरकत घेतली. स्त्रीने पुरुषांस शिकविल्यास हिंदुस्थानात तिची पत जाईल, असे त्यांचे म्हणणे. बाईंनी पत्रे लिहून त्यास विरोध केला. आपल्या देशात स्त्रीपुरुषांच्या सभांपुढे आपण बोललो आहो, मग ख्रिस्ती झाल्यावर आपली मोकळीक कमी का व्हावी, हा त्यांचा प्रश्न होता. ज्या बाईने पंडितांचे जू झुगारिले होते, ती पाद्रीसाहेबांचे जू का घेईल?

अमेरिकेत मित्र जोडून, पुस्तक लिहून त्यांनी पैसा उभा केला, आणि ११ मार्च १८८९ रोजी मुंबईस शारदा सदन उघडिले. पहिली विधवा विद्यार्थिनी गोदूबाई. याच पुढे धोंडो केशव कर्वे यांच्या पत्नी झाल्या. सदन पुण्यास आल्यावर धर्मांतराच्या प्रश्नावरून १८९३ साली मोठे वादळ उठले व पुष्कळ मुली पालकांनी काढून नेल्या. त्या वादात येथे शिरत नाही; पालकांची भीती खोटी नव्हती, आणि बाईंनी आपली प्रार्थना दार लावून करावी हेही मागणे रास्त नव्हते.

मग १८९६–९७ चा दुष्काळ आला. दुष्काळ म्हणजे काय हे बाईंस कोणी सांगावयास नको होते. त्या मध्यप्रांतात गेल्या व उपाशी मुली घेऊन आल्या. केडगावच्या माळावर विहिरी खणल्या, इमारती उठल्या. १९०० साली गुजराथच्या दुष्काळानंतर मुक्तीत दोन हजारांच्या घरात माणसे झाली. त्यांस नुसती भाकर देऊन बसविले नाही. शेती, विणकाम, दूधदुभते, तेलाचा घाणा, स्वयंपाक, शाळा, सर्व स्त्रियांनी चालविले. आंधळ्या मुलींस बोटांनी वाचावयास शिकविले. आणि छापखाना निघाला.

या छापखान्यापाशी आम्ही थोडे अधिक थांबतो. मराठीत पवित्र शास्त्र बाईंच्या आधीच झाले होते. परंतु त्यातील संस्कृत शब्द खेड्यातील बायांस कळत नाहीत, असे बाईंस वाटे. असे वाटणारी व्यक्ती कोण, तर जिला भागवत मुखोद्गत होते ती! ज्याला संस्कृत थोडे येते तो ते मिरवितो, आणि जिला सारे येत होते तिने ते बाजूला ठेविले. उतारवयात त्या इब्री व ग्रीक शिकल्या, मूळ ग्रंथावरून साध्या बोलीत भाषांतर करू लागल्या, आणि मुलींस शिकता यावे म्हणून इब्रीचे व्याकरणही मराठीत लिहिले. काही ठिकाणी त्यांचे वाक्य खडबडीत लागते हे आम्ही नाकारीत नाही, व बहुतेक मंडळ्यांत जुनेच भाषांतर वाचीत राहिले. तरी ज्या बायबलबाईने निरक्षर सासुरवाशिणींपुढे अध्याय वाचिला असेल, तिला बाईंचे दुखणे नेमके कळेल.

हे काम पंधरा वर्षांहून अधिक चालले. खिळे जुळविणाऱ्या, यंत्र चालविणाऱ्या, पाने शिवणाऱ्या त्या सर्व मुक्तीतल्या स्त्रिया. त्यांतील कितीएक जणी दुष्काळात हाडांचा सापळा होऊन आल्या होत्या, व तेव्हा त्यांस एक अक्षर येत नव्हते.

जुलै १९२१ मध्ये मनोरमाबाई वारल्या. संस्थेचा भार त्याच पुढे घेणार होत्या. बाई स्वतः थकल्या होत्या, तरी शेवटली मुद्रिते तपासणे त्यांनी सोडिले नाही. ते काम पुरे झाले, आणि ५ एप्रिल १९२२ रोजी त्या प्रभूमध्ये निद्रिस्त झाल्या. छपाई मागे राहिली होती. ती मुलींनी चालू ठेविली, व १९२४ साली संपूर्ण पवित्र शास्त्र केडगावाहून बाहेर पडले.