बाबूराव पेंटर : रौद्र आणि भयानक यांचा प्रकाशलेखक

मारामारी आणि भय ही चित्रपटाची दोन जुनी आकर्षणे. मराठी समीक्षेने त्यांच्याकडे बहुधा पाठच फिरवली. साहसपट आणि भयपट हे पिटातल्या प्रेक्षकाचे, असे मानून अभ्यासक संतपटांकडे व सामाजिक चित्रपटांकडे वळले. परंतु भारतीय मूकपटात रौद्र, वीर आणि भयानक हे रस ज्यांनी प्रकाशाच्या साहाय्याने पडद्यावर सिद्ध केले, त्या बाबूराव पेंटरांचे चरित्र या दृष्टीने पाहण्याजोगे आहे.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात कारागिराच्या घराण्यात झाला. नाटकमंडळ्यांचे पडदे रंगविण्यात त्यांनी व त्यांचे बंधू आनंदराव यांनी असा लौकिक मिळविला की ‘पेंटर’ हेच त्यांचे आडनाव होऊन बसले. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ मध्ये आला आणि दोघांना चलच्चित्राचे वेड लागले. मुंबईच्या जुन्या बाजारातून त्यांनी एक प्रक्षेपणयंत्र मिळविले, त्यावर चित्रपट दाखवीत तंत्राचा अभ्यास केला आणि स्वतःच कॅमेरा घडविण्याचा घाट घातला. आनंदराव १९१६ मध्ये वारले. अर्धवट राहिलेले यंत्र बाबूरावांनी विष्णुपंत दामल्यांच्या मदतीने १९१८ पर्यंत पूर्ण केले. गायिका तानीबाई कागलकर यांनी पुढे केलेल्या भांडवलावर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली.

कंपनीचा पहिला चित्रपट ‘सैरंध्री’ १९२० मध्ये पुण्याच्या आर्यन चित्रपटगृहात झळकला. साहित्याच्या अभ्यासकाने येथे थोडे थांबावे. विषय खाडिलकरांच्या ‘कीचकवधा’चा. ते नाटक १९०७ मध्ये रंगभूमीवर आले. कीचकात प्रेक्षकांना लॉर्ड कर्झन दिसू लागला आणि १९१० मध्ये सरकारने प्रयोगांवर बंदी घातली. दहा वर्षांनी तीच कथा पडद्यावर आली तेव्हाही कात्री लागलीच, पण कारण निराळे होते. भीमाने केलेला कीचकाचा वध इतका खरा वाटला, की प्रेक्षागृहात स्त्रिया बेशुद्ध पडल्याचे सांगतात. ते दृश्य पुढे काढून टाकावे लागले. नाटकाला त्याचा अर्थ भोवला, चित्रपटाला त्याचे दिसणे. माझ्या मते भारतीय पडद्यावरील भयाचा विचार या फरकापासून सुरू व्हावयास हवा. त्या काळी मुळातच एक शब्दही न बोलता प्रेक्षकाला घाबरविणे ही नवी गोष्ट होती आणि परिनिरीक्षकाला तिच्यासाठी राजद्रोहाचे कलम उपयोगी पडणारे नव्हते. टिळकांनी मात्र हा चित्रपट पाहून बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरविले.

या चित्रपटात सैरंध्रीसह स्त्रीभूमिका स्त्रियांनीच केल्या. त्यांची समाजाने जी उपेक्षा केली ती सोसत त्यांना कंपनीच्या आवारातच राहावे लागले, हेही विसरता कामा नये.

१९२३ चा ‘सिंहगड’ हरिभाऊ आपट्यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ या कादंबरीवर आधारलेला होता. तानाजीची चढाई रात्रीची, आणि त्या काळचा चित्रपट सूर्याचा ओशाळा. दिवसा चित्रण करून फीत निळी रंगविली की रात्र झाली, असा सर्रास संकेत होता. तो बाबूरावांना पटला नाही. पडदे रंगविणाऱ्याला रंगाची निळाई आणि खरा अंधार यांतला भेद कळत असणारच. लढाईच्या चित्रणासाठी त्यांनी कृत्रिम दिव्यांचा प्रकाश वापरला. भारतीय चित्रपटात असा प्रयोग पहिल्यांदाच झाला असे मानले जाते. आता योद्धा पूर्ण दिसण्याची गरज उरली नाही. अंधारातून पुढे येणारा चेहरा किंवा हात तेवढा पुरे. कंपनीत फत्तेलाल, धायबर यांच्यासारखे सहकारी तयार होत होते. पण उजेड किती असावा आणि कोठून पडावा, ही दृष्टी चित्रकार बाबूरावांची होती. रंगविलेल्या सपाट पडद्यांऐवजी भरीव नेपथ्य त्यांनी आणले तेही त्यामुळेच: सावली पडण्यास वस्तूला जाडी लागते.

याच दृष्टीचे सर्वांत प्रगल्भ फळ मात्र कोणत्याही लढाईत नाही. ‘सावकारी पाश’ (१९२५) हा नारायण हरी आपटे यांच्या कथेवरील चित्रपट कर्जाने उद्ध्वस्त झालेल्या शेतकऱ्याचा. तरुण शांताराम त्याचे नायक होते. जे. बी. एच. वाडिया यांना त्यातली अंधुक उजेडातली झोपडी आणि केविलवाणे विव्हळणारे कुत्रे पुढे अनेक वर्षे आठवत राहिले. याच वाडियांच्या वाडिया मूव्हीटोनने १९३५ मध्ये ‘हंटरवाली’ दिली आणि हिंदी साहसपटाला नवे वळण लावले. तरवारीने नव्हे, रित्या घराच्या काळोखाने उभे केलेले हे भय त्यांच्यासारख्या मारधाडीच्या चित्रपटकर्त्याच्या लक्षात राहावे, हे बोलके आहे.

पुढचा काळ उतरता. १ जून १९२९ रोजी शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. गुरूचे तंत्र शिष्यांबरोबर गेले. बोलपट आल्यावर बाबूरावांनी ‘उषा’ (१९३५), ‘सावकारी पाश’ची बोलकी आवृत्ती (१९३६) आणि ‘प्रतिभा’ (१९३७) असे चित्रपट केले, पण ध्वनीच्या युगाशी त्यांचे सूत पूर्णपणे जमले असे म्हणवत नाही. नंतर ते बव्हंशी चित्र-शिल्पांकडे परतले. १९४७ मध्ये शांतारामांच्या राजकमलसाठी त्यांनी ‘लोकशाहीर रामजोशी’ हाती घेतला, तो पुढे शांतारामांच्या साहाय्याने पुरा झाला. १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरात त्यांचे निधन झाले.

‘सैरंध्री’ची आणि १९२३ च्या ‘सिंहगड’ची फीत आज उपलब्ध नाही. ज्या दृश्याने प्रेक्षक हादरले आणि जे सरकारने कापले, ते आता केवळ ते पाहणाऱ्यांच्या सांगण्यातून आपल्यापर्यंत पोहोचते.