भास्कराचार्य

बुलढाणा जिल्ह्याच्या पश्चिमेस जळगाव जिल्हा लागतो. त्यात चाळीसगावजवळ, डोंगराच्या पायथ्याशी, पाटण नावाचे गाव आहे. तेथील देवळातील एका शिलालेखात भास्कराचार्यांच्या घराण्याची हकीकत कोरलेली आहे.

भास्कराचार्यांचा जन्म १११४ साली झाला. वडील महेश्वर हेच त्यांचे गुरू. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी त्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' हा ग्रंथ रचला. त्याच्या 'लीलावती' या भागात मोर व साप, भुंग्यांचा थवा, तळ्यातील कमळ यांची गणिते आहेत, आणि तीही पद्यात! पुढे 'गोलाध्याया'त त्यांनी फार मोठा प्रश्न हाती घेतला. निराधार पृथ्वी खाली का पडत नाही? पृथ्वीच्या अंगी आकर्षणशक्ती आहे. जड वस्तू तिच्याकडे ओढली जाते, तेव्हा ती पडली असे आपणांस वाटते. सभोवार सारखेच आकाश असता पृथ्वीने स्वतः पडावे तरी कोठे, असे त्यांनी प्रतिपादिले.

लीलावती ही त्यांची कन्या, असे म्हणतात. घटिकापात्राचे छिद्र मोत्याने बुजल्यामुळे तिच्या विवाहाचा मुहूर्त टळला, अशी एक गोष्ट सांगतात. गोष्ट मोठी गोड. परंतु ती चारशे वर्षांनंतरच्या फारसी भाषांतरात आढळते.

शिलालेखाची साक्ष अधिक जवळची आहे. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव हे यादव राजा सिंघण याचे ज्योतिषी होते. आजोबांचे ग्रंथ पुढील पिढ्यांनी शिकावेत म्हणून त्यांनी पाटणास मठ स्थापिला. १२०७ सालच्या या लेखाच्या अखेरीस, त्या काळच्या मराठीत, मठास मिळालेली दाने नोंदली आहेत. गावच्या प्रत्येक तेलघाण्यामागे पळीभर तेल मठाला मिळावयाचे होते.