गोलंदाज बाळू पालवणकर

पनवेल आणि उरणच्या बाजूला, मुंबईच्या समोरच्या किनाऱ्यावर न्हावा शेवा हे मोठे बंदर आहे. ते १९८९ साली सुरू झाले. जगभरची मालवाहू जहाजे येथे येतात. बंदर नव्हते तेव्हा येथे कोळीवाडे, भातशेती आणि मिठागरे होती. समोरच्या मुंबईहून परदेशी जाणाऱ्या आगबोटी याच पाण्यातून समुद्राकडे जात.

अशीच एक आगबोट मे १९११ मध्ये मुंबईहून निघाली. तिच्यात भारताचा क्रिकेट संघ होता. त्याआधी १८८६ आणि १८८८ साली पारशी खेळाडूंचे संघ इंग्लंडला जाऊन आले होते. परंतु या वेळी प्रथमच हिंदू, मुसलमान, पारशी आणि शीख एकाच संघातून निघाले होते. संघाचे कर्णधार पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग होते. त्यांचे वय अवघे एकोणीस वर्षांचे होते. अलीगढच्या कॉलेजात शिकलेले सय्यद हसन, शफकत हुसेन आणि सलामुद्दीन हेही संघात होते.

त्याच संघात साधारण पस्तीस वर्षांचा एक गोलंदाज होता. तो राजा नव्हता, श्रीमंत नव्हता, कॉलेजात शिकलेलाही नव्हता. पूर्वी तो मैदानावर झाडू मारण्याचे काम करीत असे. त्याचे नाव बाळू पालवणकर.

बाळूंचे घराणे मूळचे कोकणातील पालवण गावचे. गावावरून त्यांना पालवणकर हे आडनाव मिळाले. त्यांचा जन्म १८७६ च्या सुमारास धारवाड येथे झाला. हे कुटुंब चर्मकार समाजाचे होते. त्या काळी या समाजाला अस्पृश्य मानत. त्यांना देवळात जाता येत नसे आणि सार्वजनिक विहिरीवर पाणी भरता येत नसे. उच्च जातीचे लोक त्यांचा स्पर्शही टाळत.

बाळूंचे वडील लष्करात नोकरीला होते. त्यामुळे कुटुंब पुण्यात राहू लागले. गोरे अधिकारी क्रिकेट खेळत आणि जुने झालेले सामान टाकून देत. ते सामान घेऊन बाळू आणि त्यांचा धाकटा भाऊ शिवराम खेळायला शिकले.

बाळूंना पहिली नोकरी पुण्यातील पारशी लोकांच्या एका क्रिकेट क्लबात मिळाली. मैदान झाडायचे आणि खेळपट्टीवर रूळ फिरवायचा, हे त्यांचे काम. पगार महिना तीन रुपये. पुढे इंग्रजांच्या क्लबात त्यांना चार रुपयांची नोकरी लागली. तेथे ते जाळी बांधत, रेघा आखत आणि सरावासाठी साहेबांना चेंडू टाकत. डाव्या हाताने संथ फिरकी चेंडू टाकण्यात ते लवकरच तरबेज झाले.

त्या क्लबात ग्रेग नावाचे एक नामांकित इंग्रज फलंदाज होते. ते रोज इतरांच्या आधी मैदानावर येत आणि बाळूंच्या गोलंदाजीवर तासन्‌तास सराव करीत. बाळूंनी त्यांना बाद केले की ते आठ आणे बक्षीस देत, अशी गोष्ट सांगतात. म्हणजे साहेबांना आठ वेळा बाद केले की एका महिन्याच्या पगाराइतकी कमाई! बाळूंनी त्या क्लबात हजारो चेंडू टाकले. परंतु फलंदाजी करण्याची संधी त्यांना कोणी दिली नाही. बॅट हातात घेणे हा साहेबांचा मान होता.

बाळूंच्या गोलंदाजीची कीर्ती शहरात पसरली. पुण्याच्या हिंदू संघाला इंग्रजांना हरवायचे होते. त्यासाठी बाळूंसारखा गोलंदाज हवा होता. पण अस्पृश्याबरोबर खेळायचे कसे, असा प्रश्न काहींना पडला. बराच वाद झाला. शेवटी बाळूंना संघात घेतले.

मैदानावर सारे एकच चेंडू हातात घेत. बाळूंनी टाकलेला चेंडू यष्टिरक्षक झेलत असे. तेथे विटाळ होत नसे! मात्र चहाची वेळ झाली की सारे बदलत असे. बाकीचे खेळाडू आत बसून चांगल्या कपांतून चहा पीत. बाळूंना बाहेर, मातीच्या भांड्यातून चहा मिळे. जेवायची वेळ आली की त्यांचे ताट वेगळे आणि जागाही वेगळी. ज्याच्या जोरावर संघ जिंकत होता, त्यालाच संघाच्या पंगतीत जागा नव्हती. बाळूंनी हा अपमान गिळला. ते आपले काम करीत राहिले आणि गडी बाद करीत राहिले.

पुढे पुण्यात प्लेगची साथ आली. त्या सुमारास बाळू मुंबईला आले. तेथील हिंदू जिमखान्यात त्यांना घेण्यास काही सभासदांनी हरकत घेतली. परंतु संघाचे कर्णधार कीर्तिकर यांनी आग्रह धरला आणि बाळूंना प्रवेश मिळाला. नंतर त्यांना रेल्वेत नोकरी लागली. ते रेल्वेच्या संघातूनही खेळू लागले.

फेब्रुवारी १९०६ मध्ये मुंबईत हिंदू आणि युरोपियन यांच्यात मोठा सामना झाला. बाळू आणि शिवराम हे दोघे भाऊ हिंदू संघात होते. हिंदूंनी हा सामना १०९ धावांनी जिंकला. राज्य करणाऱ्यांना त्यांच्याच खेळात हरवले, म्हणून देशभर आनंद झाला. बाळूंनी या सामन्यात आठ गडी बाद केले होते. या काळात जिमखान्यातील भेदभावही सैल होऊ लागला. बाळू आणि शिवराम आता इतर खेळाडूंच्या बरोबरीने जेवू लागले. जे उपदेशाने झाले नव्हते, ते खेळाने थोडे तरी झाले.

आता पुन्हा १९११ च्या त्या प्रवासाकडे वळू. इंग्लंडमध्ये भारतीय संघ २३ सामने खेळला. त्यांपैकी सहा जिंकले, पंधरा हरले आणि दोन अनिर्णित राहिले. कर्णधार महाराज थोडेच सामने खेळले. संघाचा सगळा भार बाळूंच्या खांद्यावर पडला आणि तो खांदा दुखावलेलाही होता. तरीही त्यांनी या दौऱ्यात ११४ गडी बाद केले. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध तर त्यांनी एकाच डावात आठ गडी टिपले. लेस्टरशायर आणि सॉमरसेट या नावाजलेल्या संघांवर भारतीय संघाने विजय मिळवला. संघ हरला तरी इंग्लंडच्या वर्तमानपत्रांनी बाळूंचे कौतुक केले.

बाळू परत आले तेव्हा मुंबईत दलित समाजाने त्यांचा जाहीर सत्कार केला. त्या वेळचे मानपत्र कॉलेजात शिकणाऱ्या एका तरुणाने लिहिले होते, असे सांगतात. तो तरुण म्हणजे भीमराव आंबेडकर. बाळूंचे यश पाहून दलित मुलांना वाटू लागले, की आपणही काही करून दाखवू शकतो.

परंतु एक दार अजून बंद होते. मुंबईत दरवर्षी मोठे सामने होत. १९०७ पासून त्यांत युरोपियन, पारशी आणि हिंदू असे तीन संघ होते. १९१२ साली मुसलमानांचा संघ आला आणि सामने चौरंगी झाले. हिंदू संघात बाळू सर्वांत अनुभवी होते, तरीही कर्णधारपद त्यांना कधीच मिळाले नाही. कर्णधार पै यांनी स्वतः सांगितले होते, की हा मान खरे तर बाळूंचा आहे. पण निवड करणाऱ्यांनी ते मनावर घेतले नाही. संघाने अस्पृश्याच्या हुकमात खेळावे, हे त्यांना पटत नव्हते.

१९२० साली हद्द झाली. पै आजारी पडले. कर्णधारपद दुसऱ्याच खेळाडूला दिले आणि बाळूंना संघातूनच वगळले. तेव्हा शिवराम आणि धाकटे बंधू विठ्ठल यांनी खेळण्यास नकार दिला. आम्हांला दया नको, न्याय हवा, अशी त्यांची भूमिका होती. मुंबईतील अनेक लोकांनी त्यांची बाजू घेतली. जिमखान्याला नमते घ्यावे लागले. पुढच्या सामन्यात बाळू उपकर्णधार झाले. त्या सामन्यात पै मुद्दाम काही वेळ मैदानाबाहेर गेले. तेवढा वेळ का होईना, बाळूंनी संघाचे नेतृत्व केले.

तीन वर्षांनी, १९२३ साली, विठ्ठल पालवणकर हिंदू संघाचे कर्णधार झाले. त्यांच्या नेतृत्वाखाली संघाने युरोपियनांना हरवून स्पर्धा जिंकली. लोकांनी विठ्ठलना खांद्यावर घेऊन मिरवले. थोरल्या भावाला न मिळालेला मान धाकट्या भावाने मिळवला.

खेळ संपल्यावर बाळूंनी समाजकार्यात लक्ष घातले. १९३२ साली महात्मा गांधींनी येरवडा तुरुंगात उपोषण केले. त्या वेळी झालेल्या पुणे करारावर बाळूंनीही सही केली. १९३७ च्या निवडणुकीत ते काँग्रेसतर्फे उभे राहिले. त्यांच्यासमोर होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर! एके काळी ज्यांच्या सत्कारात भीमरावांनी भाग घेतला, त्यांच्याशीच ही लढत होती. बाळू सुमारे दोन हजार मतांनी हरले.

४ जुलै १९५५ रोजी मुंबईत बाळूंचे निधन झाले. त्याआधी, १९३२ साली, भारताचा संघ लॉर्ड्‌सच्या मैदानावर आपला पहिला कसोटी सामना खेळला होता. त्या संघाचे कर्णधार सी. के. नायडू आणि वेगवान गोलंदाज मोहम्मद निसार यांची नावे आजही सर्वांना ठाऊक आहेत. बाळूंना कसोटी सामना खेळायला मिळाला नाही. पण भारतीय संघाची वाट ज्यांनी सर्वांत आधी तुडवली, त्यांत मैदान झाडणारा हा गोलंदाज पुढे होता. मैदान सर्वांचे असते, हे त्यांनी आपल्या खेळाने दाखवले. माणसांना ते समजायला मात्र फार वेळ लागला.

शब्दार्थ

आगबोट : वाफेवर चालणारे जहाज
तरबेज : निपुण, माहिर
कीर्ती : प्रसिद्धी, शोहरत
विटाळ : स्पर्शाने अपवित्र होणे, अशी समजूत
हरकत : आक्षेप, एतराज
मानपत्र : गौरवाचे पत्र, सिपासनामा
वगळणे : बाजूला काढणे, न घेणे

वाक्प्रचार

अपमान गिळणे : अपमान मुकाट्याने सहन करणे
नमते घेणे : माघार घेणे

स्वाध्याय

१. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) बाळूंना पालवणकर हे आडनाव कशावरून मिळाले?
(आ) १९११ च्या दौऱ्यात बाळूंनी किती गडी बाद केले?
(इ) १९२३ साली हिंदू संघाचे कर्णधार कोण झाले?

२. चार-पाच वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) मैदानावर आणि मैदानाबाहेर बाळूंना मिळणाऱ्या वागणुकीत कोणता फरक होता?
(आ) शिवराम आणि विठ्ठल यांनी खेळण्यास नकार का दिला? त्याचा काय परिणाम झाला?

३. खालील शब्द मराठीत आणि उर्दूत दोन्हीकडे वापरतात. त्यांचा वाक्यांत उपयोग करा.
मैदान, हुकूम, हजार, बाजू